‘आंगुस्तियास’ : नावाचा अर्थ आणि नाटकाचा अर्थ

रोज सकाळी हजेरीच्या वेळी शिक्षक वर्गात चाळीस-पन्नास नावे उच्चारतो. परंतु त्यांतील एकाचाही अर्थ त्याच्या कानावर पडत नाही. ‘शांता’ म्हणताच शांततेचे स्मरण होत नाही, उलट वर्गातील सर्वांत बडबडी मुलगी उठून ‘हजर’ म्हणते. बारशाच्या दिवशी आईबापांनी ज्या अर्थासाठी ते नाव निवडले, तो अर्थ पाळण्याच्या दोरीबरोबरच सुटून जातो आणि मागे उरते ती केवळ एक हाक. व्यवहाराच्या दृष्टीने हे योग्यच आहे. प्रत्येक हाकेला अर्थ ऐकत बसलो तर माणूस दिसावयाचा नाही.

नाटकाच्या समीक्षकाचा कान मात्र याच्या नेमका उलट असतो. पात्राचे नाव आले की तो प्रथम शब्दकोश उघडतो. नाटककाराने नाव ठेवले म्हणजे ते हेतुपूर्वकच ठेवलेले असणार, असे तो गृहीत धरतो. हे दोन कान एकमेकांचे ऐकतील तरच नावाचा खरा अर्थ हाती लागेल, अशी आमची समजूत झाली आहे. ‘आंगुस्तियास’ या स्पॅनिश स्त्री-नामाच्या आधारे ती येथे मांडण्याचा आमचा विचार आहे.

हे नाव आमच्या वाचनात प्रथम आले ते फेदेरिको गार्सिया लॉर्का (१८९८–१९३६) यांच्या ‘ला कासा दे बेर्नार्दा आल्बा’, म्हणजे ‘बेर्नार्दा आल्बाचे घर’, या नाटकात. १९३६ च्या जून महिन्यात कवीने हे नाटक पुरे केले. पुढे दोनच महिन्यांनी, यादवी युद्धाच्या आरंभी, ग्रानादा शहराजवळ त्यांची हत्या झाली. नाटकाचा पहिला प्रयोग १९४५ साली, तोही स्पेनमध्ये नव्हे तर बुएनोस आइरेस येथे, मार्गारिता शिर्गू या थोर अभिनेत्रीने केला. कथानक थोडक्यात असे : साठ वर्षांची बेर्नार्दा दुसऱ्यांदा विधवा होते आणि घरावर आठ वर्षांचे सुतक लादते. पाच अविवाहित मुली त्या घरात कोंडल्या जातात. सर्वांत मोठी एकोणचाळीस वर्षांची आंगुस्तियास. तिच्यामागून माग्दालेना, आमेलिया, मार्तिरियो आणि अवघ्या वीस वर्षांची आदेला. आंगुस्तियास पहिल्या नवऱ्याची मुलगी असल्यामुळे पैसा तिच्या वाट्याला आलेला. म्हणून पेपे एल रोमानो हा पंचवीस वर्षांचा तरुण तिला मागणी घालतो. पण त्याचे मन आदेलाकडे आणि मार्तिरियोचे मन त्याच्याकडे. अखेर आदेला गळफास घेते. पेपे रंगभूमीवर एकदाही येत नाही. सारे नाटक स्त्रियांचे आहे.

‘आंगुस्तिया’ या शब्दाचा अर्थ स्पॅनिश भाषेत घोर मनस्ताप, जीव घुसमटविणारी वेदना असा आहे. ‘आंगुस्तियास’ हे त्याचे अनेकवचन. तेव्हा समीक्षकाचे काम सोपे झाले. मोठी मुलगी म्हणजे ‘वेदना’, मार्तिरियो म्हणजे ‘हौतात्म्य’, ‘आल्बा’ म्हणजे शुभ्र, ‘बेर्नार्दा’ या जर्मानिक मुळाच्या नावात अस्वलाचे बळ; एकूण नाटक म्हणजे नावांचे रूपक! या नाटकाविषयी लिहिताना अनेक अभ्यासकांनी अशी याद्या करण्याची पद्धत पाडली आहे. आम्ही तिला नावे ठेवीत नाही, कारण आम्हीही तोच मार्ग चोखाळला होता. काही वर्षांपूर्वी एका वाचनमंडळात या नाटकावर बोलताना आम्ही फळ्यावर पाच मुलींची नावे लिहिली आणि समोर मोठ्या आत्मविश्वासाने पाच मराठी अर्थ मांडले. व्याख्यान संपल्यावर श्रोत्यांतील एक वृद्ध गोमंतकीय ख्रिस्ती शिक्षिका उठल्या आणि शांतपणे म्हणाल्या, “सर, माझ्या मावशीचे नाव पिएदाद. पोर्तुगीजमध्ये त्याचा अर्थ दया. पण आमच्या घरात ते नाव उच्चारताना कोणाच्या मनात दया येत नसे. दिवाडीची सायबीण येत असे.” आमच्या फळ्यावरील अर्थ तेवढ्याने पुसले गेले. पुढील विवेचन हे एका अर्थी त्या बाईंना दिलेले उशिराचे उत्तर आहे.

त्या बाईंचे म्हणणे स्पॅनिश नावांनाही अक्षरशः लागू पडते. स्पेनमध्ये मुलीला ‘आंगुस्तियास’ म्हणताना आईबाप तिच्या नशिबी वेदना यावी असे म्हणत नाहीत. पूर्ण नाव ‘मारिया दे लास आंगुस्तियास’, म्हणजे ‘वेदनांची मारिया’. वेदना सोसणाऱ्या त्या येशूमातेच्या नावाने ही मुलगी ओळखली जावी, एवढाच त्याचा आशय. बोलताना ‘मारिया’ गळून पडते आणि विशेषणच नाव होऊन बसते. याच रीतीने स्पॅनिश स्त्रियांची कितीतरी नावे सिद्ध झाली आहेत : दोलोरेस (दुःखे), सोलेदाद (एकाकीपण), कोन्सुएलो (सांत्वन), रेमेदिओस (उपाय), मेर्सेदेस (कृपा), पिलार (स्तंभ). व्याकरणदृष्ट्या ही नावे चमत्कारिक वाटतात. ‘दोलोरेस’ हे मूळचे पुल्लिंगी अनेकवचन, ‘पिलार’ हेही पुल्लिंगी नाम. आणि दोन्ही नावे मुलींची! परंतु ‘मारिया’ हा अध्याहृत शब्द ध्यानी घेतला की चमत्कार उरत नाही. आपल्याकडे देवीच्या सहस्रनामांतून मुलींना नावे मिळतात, त्याच जातीची ही रीत आहे.

आता हेच नाव का, याचेही उत्तर स्थळात आहे. ‘व्हिर्हेन दे लास आंगुस्तियास’ ही ग्रानादा शहराची अधिष्ठात्री. सप्टेंबरच्या अखेरच्या रविवारी तिची मिरवणूक निघते. तिच्या मूर्तीत क्रूसावरून उतरविलेला मृत पुत्र आईसमोर विसावला आहे. इटालियन शिल्पकलेत ज्या दृश्याला ‘पिएता’ म्हणतात तेच हे दृश्य, आणि पोर्तुगीजांची ‘पिएदाद’ तीच. गोव्यातील दिवाडी बेटावर टेकडीवर जे चर्च आहे ते याच पिएदादचे. म्हणजे बाईंच्या मावशीचे नाव आणि लॉर्कांच्या नायिकेच्या थोरल्या बहिणीचे नाव ही एकाच चित्राची दोन नावे होत. लॉर्का ग्रानादाच्या परिसरात जन्मले आणि वाढले. तेथे ‘आंगुस्तियास’ नावाची स्त्री भेटणे म्हणजे पंढरपुरात ‘रुक्मिणी’ नावाची स्त्री भेटण्यासारखे आहे. तेव्हा हे नाव कवीने शब्दकोशातून काढलेले नाही. ते त्याला गल्लीत मिळाले. ‘आल्बा’ हे आडनावही असेच. लॉर्कांचे कुटुंब ज्या खेड्यात काही काळ राहिले, त्या खेड्यात—आजचे त्याचे नाव वाल्देरुब्यो—फ्रास्किता आल्बा नावाची एक बाई खरोखरच राहत होती.

मग समीक्षकाचा कान सर्वस्वी चुकीचा म्हणावा काय? येथे एक पाऊल थांबून शब्दाच्या मुळाशी गेले पाहिजे. कारण मूळ पाहिल्यावर हे सामान्य नाव पुन्हा बोलू लागते.

‘आंगुस्तिया’ हा शब्द लॅटिन ‘आंगुस्तुस’पासून आला. त्याचा अर्थ अरुंद. त्याही मागे ‘आंगेरे’ हे क्रियापद आहे. त्याचा अर्थ आवळणे, गळा दाबणे. म्हणजे वेदना हा या शब्दाचा मूळ अर्थ नव्हे. मूळ अर्थ अरुंदपणा, चिंचोळी जागा, कोंडी. जर्मन ‘आंग्स्ट’ आणि इंग्रजी ‘अँग्विश’ ही त्याच कुळातील भावंडे. संस्कृत अभ्यासकाला तर येथे घरचेच माणूस भेटते. ऋग्वेदात ‘अंहु’ म्हणजे अरुंद आणि ‘अंहस्’ म्हणजे कोंडीत सापडल्याची पीडा. हे शब्द त्याच आद्य धातूतून निघाले आहेत. वैदिक ऋषी ‘अंहस्’पासून सुटका मागतात आणि त्याच्या उलट ‘उरु’, म्हणजे ऐसपैस, मोकळे, असे जगणे इच्छितात. आणि आपण रोज वापरतो तो ‘संकट’ हा शब्द? संस्कृतात त्याचाही पहिला अर्थ अरुंद, दाटीचा, निमुळता असाच आहे. अरुंद वाटेवरून आपत्तीपर्यंतचा जो प्रवास लॅटिन शब्दाने केला, तोच संस्कृत शब्दाने स्वतंत्रपणे केला. मानवी दुःखाची पहिली कल्पना जखमेची नसून जागा न उरण्याची आहे, असे ही दोन शब्दकुळे मिळून सांगतात. ‘जीव कोंडतो’ असे म्हणणाऱ्या मराठी माणसाला हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

हा अर्थ मनात ठेवून आता नाटकाकडे परत वळावे. बेर्नार्दा घरात येते ती पतीच्या प्रेतसंस्काराहून, आणि आल्याबरोबर जाहीर करते की आठ वर्षे रस्त्यावरचा वारादेखील आत येता कामा नये. दारे-खिडक्या विटांनी चिणल्या आहेत असे समजावे. तीन अंकांची तीन स्थळे पाहावीत : पहिला अंक घरातील एका शुभ्र दालनात, दुसरा आतल्या खोलीत, तिसरा चार भिंतींनी वेढलेल्या आतल्या चौकात. नाटक पुढे सरकते तसतसे ते घराच्या आत आत जाते. यात कोणतीही मुलगी ‘वेदनेचे प्रतीक’ म्हणून उभी नाही. संपूर्ण घरच ‘आंगुस्तिया’ आहे, अरुंद आहे. आणि कवीची विलक्षण दृष्टी अशी की ज्या मुलीचे नाव ‘अरुंदपण’, तिलाच त्या घरातील एकमेव उघडी जागा दिली आहे—रात्री पेपेशी बोलण्यासाठी गजांची खिडकी. पण ती खिडकी तरी किती रुंद? पहिल्या अंकात दाराच्या फटीतून पुरुषांकडे पाहिले म्हणून आईकडून मार खाणारी आणि तोंडाला लावलेली पावडर पुसून घेणारी आंगुस्तियास, तिसऱ्या अंकात वाग्दत्त वधू असूनही आईजवळ कबुली देते की जो आनंद वाटावयास हवा तो वाटत नाही. मोकळीक तिच्या हाताशी आली तीही गजांच्या रुंदीएवढीच.

याच तिसऱ्या अंकात एक छोटा प्रसंग आहे. आमच्या मते या नाटकातील नावांच्या वादाचा निकाल त्यातच लागतो. शेजारीण प्रुदेन्सिया भेटीस आली असता आंगुस्तियास आपली वाङ्निश्चयाची अंगठी दाखविते. अंगठीत तीन मोती आहेत. प्रुदेन्सिया म्हणते की तिच्या काळी मोत्यांचा अर्थ अश्रू असा होत असे. आंगुस्तियास उत्तर देते की आता काळ बदलला आहे. त्यावर आदेला तत्काळ उलट बोलते : वस्तूंचा अर्थ बदलत नसतो, तो नेहमी एकच राहतो. पाहुणीसमोरचे हे साधे बोलणे. पण अर्थ काळाबरोबर झिजतो की कायम राहतो, हा आपलाच प्रश्न येथे रंगभूमीवर उभा आहे. आणि तो कोणापुढे उभा आहे, तर जिच्या स्वतःच्या नावाचा अर्थ गावाने ऐकणे सोडून दिले आहे अशा स्त्रीपुढे. आंगुस्तियास अर्थ झिजला असे मानते, कारण तसे मानल्याखेरीज ती अंगठीही घालू शकणार नाही आणि ते नावही धारण करू शकणार नाही. आदेला झिज मानीत नाही, आणि तिला मरावे लागते. कवीने निवाडा दिलेला नाही. दोन्ही बाजूंची किंमत मात्र दाखवून ठेवली आहे.

इतर नावेही या प्रकाशात पाहावीत. ‘मार्तिरियो’ हा शब्द ग्रीक ‘मार्तिस्’पासून निघाला, त्याचा मूळ अर्थ हुतात्मा नव्हे, साक्षीदार. मुलाचा बाप मजूर होता म्हणून आईने जिचे लग्न मोडले ती ही मुलगी सोसणारी आहेच. परंतु नाटकातील तिचे खरे काम पाहण्याचे आहे. आदेलाच्या मागे रात्रंदिवस डोळे लावून ती हिंडते आणि शेवटी तिची साक्षच घात करते : पेपे जिवंत पळाला असता तो संपला असे ती सुचविते. ‘माग्दालेना’ हे नाव बायबलातील अश्रू ढाळणाऱ्या मारियेचे. पित्यासाठी खरोखर रडणारी मुलगी तीच. मात्र येथे सावध राहणे इष्ट. ‘आमेलिया’ व ‘आदेला’ ही जर्मानिक मुळाची नावे. पहिलीत उद्योगाचा अर्थ आहे, दुसरीत कुलीनतेचा. आणि त्यांच्याकडून नाटकाविषयी काही वदवून घ्यावयाचे तर समीक्षकाला ओढाताण करावी लागते. सर्व नावांना एकच किल्ली लागत नाही, ही गोष्टच आमच्या म्हणण्याला आधार देते. लॉर्कांनी रूपककथा रचलेली नाही. खेड्यातील नावे खेड्यातून घेतली आणि त्यांतील काही नावांत निजलेला अर्थ जागा होईल अशी परिस्थिती रचली.

हे म्हणणे पडताळण्यास एक दुसरी कृती उपयोगी पडेल. कार्मेन लाफोरेत यांची ‘नादा’ ही कादंबरी १९४५ साली प्रसिद्ध झाली. बार्सेलोना शहरातील एका गुदमरलेल्या घरात शिक्षणासाठी आलेल्या आंद्रेआवर जी मावशी कडक पहारा ठेवते, तिचेही नाव आंगुस्तियासच. लॉर्कांची आंगुस्तियास कोंडलेली आहे, लाफोरेत यांची कोंडणारी आहे. नाव एक, पात्रे परस्परविरुद्ध. पण दोन्ही ठिकाणी घर अरुंद आहे. नाव पात्राचा स्वभाव सांगत नाही, ते पात्र ज्या हवेत श्वास घेते ती हवा सांगते, याला याहून चांगला पुरावा मिळणे कठीण.

आता त्या मूर्तीकडे पुन्हा एकदा वळतो. ‘आंगुस्तियास’ या नावात शेवटी एक चित्र आहे : मृत अपत्याजवळ बसलेली आई. नाटकाच्या अखेरीस रंगभूमीवर हेच चित्र येण्याची सर्व सामग्री सिद्ध झालेली असते. आतल्या खोलीत मुलगी मरून पडली आहे, बाहेर आई उभी आहे. ग्रानादाचा प्रेक्षक आयुष्यभर जे दृश्य पूजीत आला ते आता घडावयाचे. पण आई आत जात नाही. दासी ‘आत जाऊ नका’ म्हणते आणि बेर्नार्दाही ठामपणे नकार देते. प्रेत खाली उतरवून तिला कुमारिकेचा वेष चढवा असे ती फर्माविते, रडण्यास बंदी करते आणि मौनाची आज्ञा देते. तिचा नाटकातील पहिला शब्द मौनाचा होता, शेवटचाही तोच. उलट त्याच अंकात थोड्या वेळापूर्वी तिची ऐंशी वर्षांची वेडी आई, मारिया होसेफा, एक मेंढी पोटाशी धरून तिला आपले बाळ समजून अंगाई गात येऊन गेली आहे. ज्या घरात शहाण्या आईने मृत अपत्याला जवळ घेतले नाही, तेथे वेड्या म्हातारीने मुक्या जनावराला जवळ घेतले. ‘आंगुस्तियास’ हे नाव मोठ्या मुलीला मिळाले. त्या नावातील वात्सल्य मात्र त्या घरात वेड्याच्याच वाट्याला उरले. नाटकाची खरी भीषणता आम्हाला गळफासापेक्षा येथे जाणवते. आणि नावाचे मूळ माहीत नसते तर ती आमच्या दृष्टीतून निसटली असती.

उरला भाषांतराचा प्रश्न. या नाटकाची भारतीय रूपांतरे झाली आहेत. गोविंद निहलानी यांनी १९९१ साली ‘रुक्मावती की हवेली’ या नावाने त्याला राजस्थानच्या वाड्यात नेले. मराठीत भाषांतर करणाऱ्याने आंगुस्तियासचे ‘वेदना’ करू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. ‘वेदना’ म्हटल्याबरोबर प्रेक्षक अर्थ ऐकेल. आणि ग्रानादात तो ऐकू येत नाही, हेच तर मर्म आहे. भाषांतर असेल तर नाव तसेच ठेवावे. रूपांतर असेल तर देवतेचे नाव शोधावे. काशीला संकटादेवीचे मंदिर आहे. ‘संकटा’ या नावात देवीही आहे आणि अरुंद वाटही आहे. रोजच्या हाकेत ते नाव साधे राहील, आणि घराची दारे बंद झाली की आपोआप बोलू लागेल.

शेवटी पुन्हा हजेरीपटाकडे येतो. नावाचा अर्थ ऐकू येत नाही असे आम्ही आरंभी म्हटले. त्याला एक अपवाद मान्य केला पाहिजे. २०११ सालच्या ऑक्टोबरमध्ये सातारा जिल्ह्यात अडीचशेहून अधिक मुलींची ‘नकोशी’, ‘नकुसा’ ही नावे समारंभपूर्वक बदलण्यात आली. मुलीमागून मुलगी झाली म्हणून ठेवलेली ती नावे. आंगुस्तियास आणि नकुसा या दोन्ही नावांत दुःख आहे. पण पहिले दुःख देवमातेचे आहे आणि ते मुलीला छत्र म्हणून दिले आहे, दुसरे आईबापांचे आहे आणि ते मुलीच्या माथी मारले आहे. पहिल्यातील अर्थ झिजतो, कारण तो कोणाला बोचत नाही. दुसऱ्यातील झिजत नाही. गावाला ऐकू आला नाही तरी ज्या मुलीला रोज ती हाक मारली जाते तिला तो ऐकू येतो. म्हणून ते नाव बदलणेच योग्य होते.

तात्पर्य, विद्यार्थ्यांपुढे परकीय नाटक ठेवताना नावांचे अर्थ सांगण्याची घाई आपण शिक्षकांनी करू नये. प्रथम ते नाव त्या गल्लीत कसे हाकारले जाते ते सांगावे, मग त्यामागची देवता, मग शब्दाचे मूळ, आणि सर्वांत शेवटी कवीने त्याचे काय केले ते. हा क्रम उलटला की पात्र नाहीसे होते आणि फळ्यावर केवळ शब्दार्थ उरतो. आमच्या फळ्यावर एकदा तसा उरला होता. एका मावशीच्या आठवणीने तो पुसला गेला, याबद्दल आम्ही त्या बाईंचे ऋणी आहोत.